ओट्सचे स्कोन : स्कॉटलंडचा पारंपरिक पदार्थ

स्कोन हा स्कॉटलंडचा पारंपरिक पदार्थ आहे. तेथील थंड व दमट हवामानात गव्हापेक्षा ओट्सचे पीक चांगले येत असल्याने हे धान्य दीर्घकाळ सामान्य जनतेचे मुख्य अन्न होते. सॅम्युअल जॉन्सन यांच्या १७५५ सालच्या इंग्रजी शब्दकोशात, इंग्लंडमध्ये घोड्यांना दिले जाणारे, पण स्कॉटलंडमध्ये माणसांचे पोषण करणारे धान्य, असे ओट्सचे वर्णन आढळते. पूर्वी स्कोन लोखंडी तव्यावर भाजले जात. एकोणिसाव्या शतकात बेकिंग पावडर उपलब्ध झाल्यावर ओव्हनमधील फुगीर स्कोन रूढ झाले.

ओट्समध्ये गव्हासारखे पीठ बांधून ठेवणारे ग्लुटेन नसते. त्यामुळे स्कोनसाठी मैद्याची जोड आवश्यक ठरते. आठ स्कोनसाठी २०० ग्रॅम मैदा, १०० ग्रॅम ओट्स, ४० ग्रॅम साखर, तीन लहान चमचे बेकिंग पावडर व चिमूटभर मीठ एकत्र करावे. त्यात ७५ ग्रॅम थंड लोण्याचे मोहन बोटांनी चोळावे. ७५ ग्रॅम बेदाणे किंवा चिरलेले जर्दाळू मिसळून सुमारे १५० मिलिलिटर दुधात पीठ हलक्या हाताने गोळा करावे. ते जास्त मळल्यास स्कोन चिवट होतात. अडीच सेंटीमीटर जाडीची थापी करून तिचे तुकडे पाडावेत आणि आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये २०० अंश सेल्सियसवर सुमारे १५ मिनिटे भाजावेत.

ओट्स वापरले तरी मैद्यामुळे हे स्कोन ग्लुटेनमुक्त ठरत नाहीत. सिलिॲक विकार असलेल्यांनी ते टाळणे आवश्यक आहे.