नोंगक्रोंग आणि कॉफी

इंडोनेशियात 'नोंगक्रोंग' या क्रियापदाचा मूळ अर्थ उकिडवे बसणे. आज त्याचा अर्थ आहे हाती काही काम नसताना मित्रांबरोबर तासन्‌तास गप्पा छाटणे. मराठीतले कट्ट्यावर बसणे ते हेच. जकार्ता, बांडुंग, योग्याकार्ता इथल्या तरुणांच्या या बैठकीला हल्ली कॉफी लागतेच. मात्र तिथे कॉफी पिकवणाऱ्याच्या पेल्यात ती फार उशिरा आली.

डच ईस्ट इंडिया कंपनीने मलबारातून जावात रोपे नेली. १६९६ ची लावण पुरात गेली, १६९९ ची रुजली. १८३० पासून सक्तीच्या लागवडीची पद्धत आली. डच सरकारने सांगितलेले पीक लावायचे आणि सरकारनेच ठरवलेल्या भावाने वखारीत घालायचे. पश्चिम सुमात्रात ही सक्ती १८४७ ते १९०८ एवढी टिकली. बिया वखारीत गेल्या, घरी पाने राहिली. तिथले मिनांगकाबाऊ लोक ती विस्तवावर भाजून त्यांचा काढा करीत आणि करवंटीतून पीत. 'कावा दाऊन' नावाचे हे पेय अजूनही तिथल्या डोंगराळ भागात मिळते.

१८७० नंतर तांबेरा रोगाने अरेबिका कॉफीचे मळे उद्ध्वस्त केले. विसाव्या शतकाच्या आरंभी तिच्या जागी काटक, कडवट रोबस्टा आली आणि गावोगावच्या टपऱ्यांतून, म्हणजे 'वारुंग'मधून, हीच कॉफी रुळली. 'कोपी तुब्रुक' करायला ना गाळणी लागते ना यंत्र. ग्लासात बारीक पूड आणि साखर घालून वर उकळते पाणी ओतायचे, गाळ तळाला बसेपर्यंत थांबायचे. नोंगक्रोंगला एवढे निमित्त पुरे. योग्याकार्तात तुगू स्थानकाजवळच्या हातगाड्यांवर तर ग्लासात चक्क पेटता निखारा सोडतात. चर्र आवाज होतो आणि कॉफी फेसाळते. हीच 'कोपी जोस'.

२००२ मध्ये स्टारबक्स जकार्तातल्या मॉलमध्ये आले. गारेगार हवा आणि कपावर नाव हा थाट नवा होता, पण विद्यार्थ्याच्या खिशाला रोज झेपणारा नव्हता. ही अडचण सोडवली गुळाने. २०१५ मध्ये दक्षिण जकार्तातल्या चिपेते भागात 'तुकू' हे लहानसे दुकान निघाले. त्याने कॉफी, दूध, बर्फ आणि आरेन जातीच्या माडाचा गूळ यांचे मिश्रण बेताच्या किमतीत विकले. त्याच वर्षी देवी लेस्तारी यांच्या कथेवरचा 'फिलोसोफी कोपी' हा चित्रपट आला आणि कॉफी करणाऱ्या पोरांना वलय मिळाले. २०१७ मध्ये सुरू झालेल्या 'कोपी केनांगन' या साखळीचे मोल २०२१ च्या अखेरीस एक अब्ज डॉलरच्या वर गेले.

ज्यांना तेही परवडत नाही त्यांच्यासाठी जकार्ताच्या फुटपाथांवर सायकलवाले आहेत. हँडलला कॉफीच्या पुड्यांच्या माळा, मागे गरम पाण्याचे थर्मास. त्यांना लोक 'स्टारलिंग' म्हणतात, म्हणजे फिरते स्टारबक्स.