सांगली, कात्सुयामा आणि आमचं इंदापूर

जुलै २०२१ च्या शेवटच्या आठवड्यात बॅडमिंटनच्या दोन बातम्या दोन दिवसांच्या अंतराने आल्या होत्या. २८ जुलैला नंदू नाटेकर पुण्यात गेले, वयाच्या ८८ व्या वर्षी. आणि ३० जुलैला टोकियो ऑलिंपिकच्या उपांत्यपूर्व फेरीत पी. व्ही. सिंधूने जपानच्या अकाने यामागुचीला २१-१३, २२-२० असं हरवलं. साहजिकच दुसऱ्या बातमीची चर्चा जास्त झाली. त्या गडबडीत समोरची मुलगी कोण, कुठली, हे बघायला कुणाला सवड नव्हती. आणि नाटेकर कोण, हे तर आमच्या घरातल्या पोरांना समजावून सांगावं लागलं.

मला मात्र तेव्हापासून ही दोन नावं जोडीनेच आठवतात. एक सांगलीचा मुलगा, एक कात्सुयामाची मुलगी. दोघांचा जन्म महानगरापासून लांबचा, दोघांनी नाव काढलं ते कोवळ्या वयात. पण वर जायच्या वाटा मात्र अगदी वेगवेगळ्या. आज त्या वाटांबद्दल लिहायचं आहे. त्याचा आमच्या घरात सध्या चाललेल्या एका वादाशी संबंध आहे, तो पुढे येईलच.

आधी थोडं पुण्याबद्दल. (पुण्यात राहणारा माणूस ही संधी सोडत नाही, हे तुम्हाला माहीत आहेच.) एकोणिसाव्या शतकात पुण्याच्या छावणीतल्या इंग्रज अधिकाऱ्यांमध्ये हा खेळ इतका चालायचा, की त्याला 'पूना' असंच नाव पडलं होतं. १८७० च्या दशकात इथेच त्याचे नियम बांधले गेले. मग हे अधिकारी मायदेशी परतताना खेळ बरोबर घेऊन गेले आणि तिकडे ड्यूक ऑफ बोफर्टच्या 'बॅडमिंटन हाऊस' या वाड्यावरून त्याला आजचं नाव मिळालं. १८७७ मध्ये बाथ शहरात क्लब निघाला, १८९९ मध्ये ऑल इंग्लंड स्पर्धा सुरू झाली.

यातली एक गोष्ट मला फार आवडते. वारा सुटला किंवा ओल असली, की ही मंडळी फुलाऐवजी लोकरीचा चेंडू घेऊन खेळायची. म्हणजे वाऱ्याची कटकट पहिल्यापासूनची आहे! आणि ती असणारच. सोळा पिसांचं ते फूल, वजन जेमतेम पाच ग्रॅम. उजनीच्या पाण्यावरून संध्याकाळी जो वारा येतो, त्यात ते कुठे जाऊन पडेल सांगता येत नाही. म्हणून हा खेळ पुढे छपराखाली गेला, आणि छपराखाली गेल्यावर आपल्याकडे तो शहरांचा झाला. कारण एवढं उंच छप्पर, खाली मोकळी जमीन, चांगले दिवे, हे सगळं गावात कुणाकडे असणार?

आता नाटेकर. १२ मे १९३३ ला सांगलीत जन्म. आधी टेनिस खेळायचे. १९५१-५२ च्या ज्युनिअर राष्ट्रीय स्पर्धेत अंतिम फेरीपर्यंत पोचले आणि तिथे रामनाथन कृष्णनकडून हरले. हाच कृष्णन पुढे १९६० आणि १९६१ अशी लागोपाठ दोन वर्षं विम्बल्डनच्या उपांत्य फेरीत खेळला. त्यामुळे ती हार काही लाजिरवाणी नव्हती. पण त्यानंतर नाटेकरांनी टेनिसची रॅकेट ठेवली आणि बॅडमिंटनची धरली. १९५३ मध्ये, वयाच्या विसाव्या वर्षी, ते राष्ट्रीय विजेते होते! १९५४ मध्ये ऑल इंग्लंडची उपांत्यपूर्व फेरी. आणि १९५६ मध्ये क्वालालंपूरला सेलंगोरची आंतरराष्ट्रीय स्पर्धा जिंकून ते परदेशात विजेतेपद मिळवणारे पहिले भारतीय बॅडमिंटनपटू झाले. मलाया तेव्हा स्वतंत्रही झाला नव्हता.

पुढची यादी मोठी आहे. राष्ट्रीय एकेरी सहा वेळा. १९५१ ते १९६३ या काळात थॉमस कपमध्ये एकेरीचे १६ सामने, त्यातले १२ जिंकले. १९६१ मध्ये अर्जुन पुरस्कार सुरू झाला, तेव्हा पहिल्याच वर्षीच्या मानकऱ्यांत नाटेकर होते. हे सगळं हौशी खेळाडूंच्या काळात. बक्षिसाच्या रकमा नाहीत, फिजिओ नाही, प्रायोजक नाहीत.

शिक्षण मात्र मुंबईत, माटुंग्याच्या रुइया कॉलेजात. आपल्याकडची ही जुनी रीतच आहे. शिक्षण असो, नोकरी असो, नाटक असो की खेळ, ज्याला पुढे जायचं त्याने पिशवी भरून मुंबई-पुण्याची गाडी धरायची. माझे वडील तसेच आले, मीही तसाच आलो. ही रीत इतकी अंगवळणी पडली आहे, की दुसरी काही असू शकते असं आपल्या मनातच येत नाही.

म्हणून यामागुचीची गोष्ट वाचली तेव्हा मी चाट पडलो. तिचा जन्म ६ जून १९९७ चा. फुकुई प्रांतातलं कात्सुयामा हे तिचं गाव. चहूकडे डोंगर, हिवाळ्यात ढीगभर बर्फ, आणि एरवी प्रसिद्धी कशासाठी, तर डायनॉसॉरच्या जीवाश्मांसाठी. लोकसंख्या पंचवीस हजारांच्या आत. म्हणजे २०११ च्या जनगणनेतलं आपलं इंदापूर शहरच की! बारामती शहर त्याच्या दुपटीहून मोठं.

मोठ्या भावांच्या पाठोपाठ या मुलीने लहानपणीच रॅकेट धरली. २०१२ मध्ये, १५ वर्षांची असताना, जागतिक ज्युनिअर स्पर्धेची अंतिम फेरी. तिथे नोझोमी ओकुहाराकडून हरली. पुढच्या वर्षी तीच स्पर्धा जिंकली, त्याच्या पुढच्या वर्षी पुन्हा जिंकली. मधे सप्टेंबर २०१३ मध्ये जपान ओपन जिंकून बसली, मोठ्यांच्या गटात, वयाच्या सोळाव्या वर्षी. आणि हे सगळं चालू असताना ती शिकत कुठे होती? कात्सुयामाच्याच सरकारी हायस्कुलात! जपानमध्ये बॅडमिंटनसाठी नावाजलेल्या शाळा आहेत, लांबलांबची मुलं तिथे राहायला जातात. ही गेली नाही. शाळा पूर्ण झाल्यावर, २०१६ मध्ये, ती कुमामोतोच्या एका कंपनीच्या संघात गेली. तोवर घरचं जेवण, गावची शाळा.

हे जमलं कसं? माझ्या मते त्याचं उत्तर तिच्या मनगटात जेवढं आहे तेवढंच तिथल्या छपरांत आहे. जपानमध्ये साध्या शाळेलाही बहुधा व्यायामशाळेची मोठी बंदिस्त इमारत असते. शाळा सुटली की संध्याकाळी गावातले क्लब तीच वापरतात. पालक, शिक्षक, गावातले जुने खेळाडू मुलांना शिकवतात. बाहेर कमरेएवढा बर्फ असला तरी आत नेट लागलेलं असतं.

वरच्या बाजूनेही हात आला, हे विसरून चालणार नाही. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये जपानच्या बॅडमिंटनची पार दैना उडाली होती. त्यानंतर त्यांनी कोरियाच्या पार्क जू-बाँगना प्रशिक्षक म्हणून आणलं. २०१२ मध्ये महिला दुहेरीत रौप्य, जपानचं बॅडमिंटनमधलं पहिलं ऑलिंपिक पदक. २०१६ मध्ये त्याच प्रकारात सुवर्ण. गावात वाढलेल्या पोरीला राष्ट्रीय संघाने वेळेवर उचललं, म्हणून गावात राहणं तिला महाग पडलं नाही. यामागुची २०२१, २०२२ आणि २०२५ अशी तीन वेळा जगज्जेती झाली. गंमत म्हणजे रिओ, टोकियो आणि पॅरिस या तिन्ही ऑलिंपिकमध्ये ती उपांत्यपूर्व फेरीतच बाहेर पडली. उंची १५६ सेंटीमीटर. समोरच्या उंच मुलींचे फटके धावून धावून परत करते. टोकियोच्या हारेनंतर पाचच महिन्यांत ती पहिल्यांदा जगज्जेती झाली, हे मला तिच्या पदकांपेक्षाही मोठं वाटतं.

आता घरचा वाद. माझी भाची अकरा वर्षांची आहे. ताई आणि दाजी इंदापूरला असतात. यंदा ती तालुक्याच्या शालेय स्पर्धेत जिंकली आणि तेव्हापासून घरात दोन पक्ष पडले आहेत. दाजींचं म्हणणं, तिला पुण्याला मामाकडे ठेवू, पुण्यात चांगली अकादमी बघू. ताई म्हणते, बारामतीला कोर्ट आहे, तिथेच नेऊ. पण बारामती एका बाजूने पन्नास किलोमीटर. आठवड्यातून चार दिवस जाऊन-येऊन शंभर किलोमीटर केले, तर पोरीचा अभ्यास आणि झोप कधी? आई दोघांचं ऐकून घेते आणि शेवटी एकच विचारते, "पोरगी खेळायला म्हणून गेली आणि खेळणंच विसरली तर?"

मला विचाराल तर भाची आमच्याकडे आली तर आनंदच आहे, बायकोने खोलीसुद्धा ठरवून ठेवली आहे. पण अकराव्या वर्षी नको असं मला वाटतं. चौदा-पंधराची होऊ दे. तोवर तिला रोज तास-दीड तास बिनवाऱ्याचं खेळायला मिळालं पाहिजे, आणि बरोबर चार-सहा मुलं-मुली पाहिजेत. एवढं इंदापुरात होऊ शकतं का, हा खरा प्रश्न आहे.

इथे मला प्रकाश पदुकोण आठवतात. १९८० मध्ये ऑल इंग्लंड जिंकणारे. बंगळूरला मल्लेश्वरममध्ये कॅनरा युनियनच्या हॉलमध्ये ते खेळायला शिकले. हा हॉल म्हणजे चक्क लग्नाचा हॉल! लग्न असलं की त्या दिवशी सराव बंद. एरवी तेच कोर्ट. तिथून निघालेला मुलगा जगातली सर्वांत जुनी स्पर्धा जिंकून आला.

आता सांगा, आपल्याकडे कशाची कमी असेल, पण मंगल कार्यालयांची आहे का? भिगवणपासून इंदापूरपर्यंत हायवेने या, नाहीतर बारामतीच्या कुठल्याही रस्त्याने बाहेर पडा. आमच्या लहानपणी शेजारच्या अंगणात मांडव पडायचा, आता उंच पत्र्याखाली हजार पान उठतं. पण चातुर्मासात मुहूर्त कमी, पितृपक्षात नाहीत, पौषात नाहीत. म्हणजे वर्षातले कितीतरी दिवस ती छपरं नुसती उभी असतात, खाली खुर्च्यांची चळत आणि एखादं कुत्रं.

अडचणी आहेत, मला कळतात. फरशीवर धावून गुडघे जातात, त्यामुळे मॅट घ्यावी लागेल. ती स्वस्त नसते. कोर्ट चव्वेचाळीस बाय वीस फुटांचं, त्याभोवती मोकळी जागा हवी, म्हणजे खांब मधे येणारं कार्यालय चालणार नाही. दिवे डोळ्यात जाता कामा नयेत. लग्न ठरलं की सगळं गुंडाळून ठेवायचं. पण यातलं काहीही अशक्य नाही. पाच-सहा घरांनी मिळून करायचं काम आहे.

दाजींनी एका कार्यालयाच्या मालकांपाशी विषय काढला आहे. त्यांची नात पण खेळते म्हणे, त्यामुळे आशा आहे. भाची यामागुची होईल की नाही, हा प्रश्न मला पडत नाही. हजारातून एखादी होते, बाकीच्या नुसत्या छान खेळतात, आणि तेही काही वाईट नाही. फक्त गावात छप्पर मिळालं नाही म्हणून तिने खेळ सोडला, असं व्हायला नको.

असो. नातेवाईक मंडळींपैकी जे हे वाचत असतील, त्यांनी आपलं मत ताईला कळवावं, मला नको. आणि वर्गणी मात्र माझ्याकडे पाठवावी. मॅटची चौकशी मी पुण्यात सुरू केली आहे.