चार्जशीट गेली म्हणजे हायकोर्टातली याचिका संपली का? जाणून घ्या

बांधावरून भांडण होतं आणि घरातल्या चौघांवर गुन्हा दाखल होतो. गुन्हा खोटा आहे म्हणून हायकोर्टात याचिका टाकली जाते. तारखा पडत राहतात. तेवढ्यात पोलीस तपास संपवून तालुक्याच्या कोर्टात चार्जशीट म्हणजेच दोषारोपपत्र दाखल करतात. मग गावात कुणीतरी सांगतं, "आता तुमची याचिका गेली!"

हे दरवेळी खरं नसतं. याचिकेत मागितलेलं देण्यासारखं काही उरलंच नसेल, तरच कोर्ट ती 'निष्फळ' म्हणून निकाली काढतं. त्यामुळे तुम्ही नेमकं काय मागितलं होतं, ते आधी बघा.

गुन्हा रद्द करण्याची याचिका
ही आपोआप संपत नाही. चार्जशीट आली तरी हायकोर्ट गुन्हा रद्द करू शकतं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली दिल्लीतल्या एका प्रकरणात स्पष्ट केलं. मात्र याचिकेत दुरुस्ती करून चार्जशीटलाही आव्हान द्यावं. पूर्वीचं कलम ४८२ आता, १ जुलै २०२४ पासून, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम ५२८ झालं आहे. नव्या कायद्यात ४८२ म्हणजे अटकपूर्व जामीन. गोंधळ करू नका.

पोलिसांनी समरी पाठवली तर
आरोपी किंवा पुरावा मिळाला नाही तर 'अ', फिर्याद खोटी निघाली तर 'ब', गैरसमजातून किंवा दिवाणी स्वरूपाची असेल तर 'क' समरी. कोर्टाने समरी मंजूर केली की रद्द करायला गुन्हा उरत नाही. पण मंजुरीचा आदेश होईपर्यंत याचिका मागे घेऊ नका, कारण कोर्ट समरी नाकारूही शकतं. समरी मंजूर करण्याआधी फिर्यादीला म्हणणं मांडण्याची संधी द्यावी लागते.

'पोलीस तपास करत नाहीत' ही फिर्यादीची याचिका
तपास संपला की ही बहुतेक वेळा निष्फळ ठरते. तपास अर्धवट वाटत असेल तर पुढील तपासाची मागणी वेगळी करावी लागते.

अटकपूर्व जामीन
मिळालेला जामीन केवळ चार्जशीट आली म्हणून संपत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०२० चा निकाल आहे.

डिफॉल्ट जामीन
इथे मात्र एका दिवसाने फरक पडतो. आरोपी कोठडीत असताना ६० दिवसांत, गंभीर गुन्ह्यात ९० दिवसांत चार्जशीट आली नाही, तर जामिनाचा हक्क मिळतो. पण अर्ज चार्जशीटच्या आधी द्यायला हवा. आधी चार्जशीट आली की हा हक्क गेला.

एवढं करा
• ई-कोर्ट्स ॲपवर सीएनआर नंबर टाकून केसची स्थिती बघत राहा.
• आरोपीला चार्जशीटची प्रत मोफत मिळते. ती लगेच हायकोर्टातल्या वकिलाकडे पोहोचवा.
• वकील परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा.

(ही सर्वसाधारण माहिती आहे. आपल्या प्रकरणासाठी वकिलाचा सल्ला घ्यावा.)