न्यायनिर्णयातील अनवधानदोषांची दुरुस्ती
न्यायनिर्णय वा हुकूमनामा यांत लेखनाच्या, हिशेबाच्या किंवा नजरचुकीच्या कारणाने राहिलेला दोष तो देणाऱ्या न्यायालयानेच दूर करणे. अपिलात निर्णयाची योग्यायोग्यता तपासली जाते. येथे न्यायाधीशाने जे ठरविले ते कागदावर यथातथ्य उतरले की नाही, एवढेच पाहावयाचे असते.

मध्ययुगीन इंग्लंडमध्ये सत्र चालू असेपर्यंत न्यायालयाला आपला अभिलेख बदलता येई. सत्र संपताच तो अंतिम ठरे. लेखनिकाच्या क्षुल्लक चुकीने दावे कोसळू लागल्यावर 1340 च्या संविधीने एखादे अक्षर कमीअधिक पडल्यास ते सुधारण्याची मुभा दिली. भारतात 1882 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील कलम 206 व पुढे 1908 च्या संहितेतील कलम 152 यांत हा अधिकार आला. कलम 152 खाली न्यायालय अर्जावरून वा स्वतः होऊन, केव्हाही दुरुस्ती करू शकते. फौजदारी न्यायालयांना सही झालेल्या निर्णयात केवळ लेखनाची वा हिशेबाची चूक सुधारता येते (1973 च्या संहितेचे कलम 362, 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 403).

न्यायालयाच्या कृतीने कोणाचेही नुकसान होऊ नये, हे यामागील तत्त्व. त्याची कसोटी सिरसा येथील अग्रक्रयाधिकाराच्या एका दाव्यात लागली. वादीने 5,951 रुपयांपैकी आधी भरलेले 1,000 वजा जाता उरलेले 4,951 मुदतीत भरावेत, अन्यथा दावा रद्द व्हावा, असा हुकूमनामा होता. न्यायालयाच्या कार्यालयातच चलान 4,950 रुपयांचे तयार झाले आणि वादीने तेवढेच भरले. एका रुपयावरून जमीन जाण्याची वेळ आली. हुकूमनाम्यात येथे दोष नव्हता. तो कार्यालयाच्या हातून घडला होता. तरीही न्यायालयानेच चुकीच्या वाटेला लावलेल्या पक्षकाराला त्याची झळ लागता कामा नये, असा निर्वाळा 1963 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिला.

चूक आकड्याची नसून कायद्याच्या विस्मरणाची असेल, तर प्रश्न बिकट होतो. महाराष्ट्राचे माजी मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांच्यावरील खटला सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने 1984 मध्ये विशेष न्यायाधीशाकडून मुंबई उच्च न्यायालयाकडे वर्ग केला. असे खटले विशेष न्यायाधीशानेच चालवावेत, ही 1952 च्या अधिनियमातील तरतूद त्यात नजरेआड झाली. आरोपीला उच्च न्यायालयाकडे अपील करण्याचा हक्कही त्यामुळे उरला नाही. 1988 मध्ये सात न्यायाधीशांच्या पीठाने बहुमताने तो निर्देश मागे घेतला. न्या. वेंकटचलय्या यांचे मत विरुद्ध पडले : अंतिम झालेला निर्देश अशा मार्गाने पुन्हा खुला करता येणार नाही, असे त्यांनी म्हटले. हा आक्षेप हलका नव्हता. सर्वोच्च न्यायालयावर अपील नसते, आणि तेच आपला शब्द फिरवू लागले तर वाद संपणार कधी? पुनर्विलोकन फेटाळल्यानंतरही अपवादात्मक प्रसंगी उपचारात्मक याचिका दाखल करण्याची वाट याच न्यायालयाने 2002 मध्ये मोकळी केली. मात्र तिच्यासाठीच्या अटी त्याने जाणूनबुजून कडक ठेवल्या.