पटसंख्या १६१

अमेरिकेच्या इंडियाना राज्यात मायलन नावाचं एक गाव आहे. स्पेलिंग इटलीतल्या मिलानचंच, पण उच्चार मायलन. १९५४ साली तिथल्या हायस्कूलची पटसंख्या १६१ होती. त्या वर्षी या शाळेने राज्याची बास्केटबॉल स्पर्धा जिंकली. स्पर्धेत ७५१ शाळा होत्या आणि अंतिम सामन्यात समोर होती मन्सी सेंट्रल. दहापट मोठी शाळा, आधीच चार वेळा राज्यविजेती.

ही गोष्ट अनेकांना 'हूजियर्स' या १९८६च्या सिनेमामुळे माहीत आहे. सिनेमात गावाचं नाव बदललं आहे आणि बराचसा मसाला घातला आहे. पण मला त्या एका सामन्यापेक्षा त्याच्या मागची व्यवस्था जास्त रंजक वाटते. १६१ मुलांची शाळा आणि दीड हजारांच्या वरची शाळा एकाच मैदानात मुळात आल्या कशा? आणि पुढे ते बंद का झालं?

आधी रचना समजून घेऊ. तिकडे शालेय खेळाचे दोन थर असतात. पहिला थर कॉन्फरन्सचा: आसपासच्या, साधारण एकाच आकाराच्या आठ-दहा शाळांचा गट. हंगामभर यांचेच एकमेकांशी सामने होतात. कारण साधं आहे. बस फार लांब न्यावी लागत नाही, सामने बरोबरीचे होतात, आणि शेजारच्या गावाशी सामना असला की तिकिटं खपतात. मोठ्या शाळांचे गट वेगळे. मन्सी सेंट्रल नॉर्थ सेंट्रल कॉन्फरन्समध्ये होती. लहान शाळांचे गट बहुधा एकाच काउंटीपुरते असत.

दुसरा थर राज्यस्पर्धेचा. आपल्याकडे तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशा पायऱ्या असतात, तशाच तिथेही चार पायऱ्या होत्या. पण एक मोठा फरक होता. बहुतेक राज्यांनी शाळांना पटसंख्येनुसार वर्गांत विभागलं होतं. इंडियानाने १९११ पासून सगळ्यांसाठी एकच स्पर्धा, एकच करंडक ठेवला. सुरुवातीला ते शोभलंही. १९१३ आणि १९१४ साली विंगेट या चिमुकल्या गावाच्या शाळेने लागोपाठ दोनदा करंडक नेला. त्या शाळेकडे स्वतःचं जिमही नव्हतं.

तेव्हा शाळा टाऊनशिपच्या हातात होत्या. टाऊनशिप म्हणजे काही गावं आणि शेतं मिळून एक छोटा विभाग. प्रत्येकाला आपली शाळा हवी, आणि शाळा म्हटली की बास्केटबॉल आलाच, कारण त्याला पाच खेळाडू पुरतात. अकरा जणांचा फुटबॉल संघ उभा करणं साठ-सत्तर मुलांच्या शाळेला अवघड. शिवाय हिवाळ्यात शेतीची कामं कमी. शुक्रवारी संध्याकाळी अख्खं गाव जिममध्ये.

आता मायलनकडे परत. सिनेमा पाहून वाटतं की हा संघ आकाशातून पडला. तसं नव्हतं. आदल्या वर्षी, १९५३ सालीच मायलन राज्यातल्या शेवटच्या चार संघांत पोहोचलं होतं. प्रशिक्षक मार्व्हिन वुड तेव्हा जेमतेम पंचविशी ओलांडलेला. समोरचा संघ उंच आणि तगडा असेल तर खेळाचा वेग कमी करायचा, चेंडू आपल्याकडे ठेवायचा, ही त्याची युक्ती. अंतिम सामन्याच्या शेवटच्या सत्रात दोन गुणांनी मागे असताना बॉबी प्लम्प चार मिनिटांहून जास्त वेळ नुसता चेंडू धरून उभा राहिला. नियमात ते बसत होतं. ठरावीक सेकंदांत चेंडू टाकायलाच लावणारं घड्याळ व्यावसायिक बास्केटबॉलमध्येसुद्धा त्याच वर्षीच्या पुढच्या हंगामात आलं. शेवटच्या क्षणी प्लम्पनेच बास्केट केला. ३२-३०.

'एकच स्पर्धा, सगळ्यांना खुली' या वाक्यातल्या 'सगळ्यांना' शब्दाकडे मात्र नीट पाहायला हवं. १९२७ साली इंडियानापोलिसमध्ये कृष्णवर्णीय मुलांसाठी क्रिस्पस ॲटक्स ही वेगळी शाळा काढली गेली. राज्याच्या क्रीडा संघटनेने अशा शाळांना १९४२ पर्यंत सदस्यत्वच दिलं नाही. म्हणजे राज्यस्पर्धा नाही आणि सदस्य शाळांशी सामनेही नाहीत. १९५४ साली मायलनने अंतिम फेरीच्या वाटेवर ज्यांना हरवलं, त्यांत ॲटक्सही होती. त्या संघात ऑस्कर रॉबर्टसन नावाचा एक मुलगा खेळत होता, जो पुढे जगातल्या थोर बास्केटबॉलपटूंपैकी एक झाला. १९५५ साली ॲटक्सने करंडक जिंकला आणि १९५६ साली एकही सामना न हरता पुन्हा जिंकला. विजयाची मिरवणूक १९५५ साली शहराच्या मुख्य चौकाला फेरी मारून थेट कृष्णवर्णीय वस्तीतल्या बागेत नेण्यात आली. नेहमीच्या विजेत्यांसारखा जल्लोष त्यांना भर चौकात करू दिला नाही, ही सल रॉबर्टसन पुढे अनेकदा बोलून दाखवत. मायलनच्या विजयाची दंतकथा झाली, पण ॲटक्सच्या विजयाला तशी प्रसिद्धी मिळायला कित्येक दशकं लागली.

मग लहान शाळांचं काय झालं? त्यांना मन्सीने नाही, कायद्याने हरवलं. १९५९ साली राज्याने शाळांच्या पुनर्रचनेचा कायदा केला. लहान शाळेत प्रयोगशाळा नाही, विषयवार शिक्षक नाहीत, खर्च परवडत नाही, ही कारणं खोटी नव्हती. पुढच्या काही वर्षांत शेकडो शाळा एकमेकींत विलीन झाल्या. मायलनच्या शेजारी जॅक-सेन-डेल नावाची शाळा आहे. जॅक्सन, सेंटर आणि डेलावेअर या तीन टाऊनशिपांची आद्याक्षरं जोडून ते नाव बनलं. कोणत्याही एका गावाचं नाव दिलं असतं तर उरलेले रुसले असते, हे त्या नावाकडे पाहूनच कळतं. १९५४ साली ७५१ असलेली स्पर्धेतल्या शाळांची संख्या १९९७ पर्यंत चारशेच्या खाली आली. काउंटीचे जुने गट मोडले. विंगेटच्या नावाचं हायस्कूलच उरलं नाही.

मायलननंतर इतकी लहान शाळा पुन्हा कधी जिंकली नाही. आकडेमोड माझ्या रोजच्या कामातली, म्हणून एक ढोबळ हिशेब मांडतो. समजा लहान शाळेला प्रत्येक सामन्यात जिंकायची ४० टक्के संधी आहे. ७५१ संघांच्या बाद फेरीत सलग नऊ-दहा सामने जिंकावे लागतात. नऊ धरले तरी शक्यता येते साधारण चार हजारांत एक. अशा चारशे शाळा असतील तर 'कोणती तरी' लहान शाळा दहा वर्षांतून एकदा जिंकेल. पण 'आपली' शाळा जिंकायला काही हजार वर्षं थांबावं लागेल. शिवाय चारशेच्या शंभर झाल्या की ती 'कोणती तरी'सुद्धा दुर्मीळ होते. दंतकथा सगळ्यांच्या वाट्याला येते, करंडक जवळजवळ कुणाच्याच नाही.

मुख्याध्यापकांनी हेच ओळखलं. १९९७ साली शेवटची खुली स्पर्धा झाली आणि पुढच्या हंगामापासून पटसंख्येनुसार चार वर्ग आले, चार करंडक आले. याला जोरदार विरोध करणाऱ्यांत खुद्द बॉबी प्लम्प होता. लहान शाळेचा सर्वांत मोठा नायक लहान शाळांसाठी केलेल्या बदलाच्या विरोधात उभा राहिला! त्याचं म्हणणं समजण्यासारखं आहे. चार करंडक असते तर मायलनला जिंकायला मन्सीची गरजच पडली नसती, आणि मन्सी नसती तर त्याचं नाव आज आपल्याला ठाऊक नसतं.

पण प्लम्प जिंकला होता. न जिंकलेल्यांची बाजूही ऐकायला हवी.

२००९ साली सर्वांत लहान शाळांच्या वर्गाचा करंडक जॅक-सेन-डेलने जिंकला. तीच, तीन टाऊनशिपांची, मायलनच्याच रिप्ली काउंटीतली. आज या दोन्ही शाळा ओहायो रिव्हर व्हॅली या लहान शाळांच्या कॉन्फरन्समध्ये एकमेकींशी खेळतात. जॅक-सेन-डेलवर कुणी सिनेमा काढला नाही. पण सराव करून, हरून, पुन्हा सराव करून त्या मुलांनी जे मिळवलं, ते त्यांच्या आधीच्या पिढ्यांना गणितानेच नाकारलं होतं. मला विचाराल तर माझं मत चार करंडकांना. एका गावाची गोष्ट सत्तर वर्षं सांगता यावी म्हणून शेकडो गावांनी दरवर्षी पहिल्या-दुसऱ्या फेरीत हरत राहावं, हा सौदा प्रेक्षकांसाठी छान आहे, खेळणाऱ्यांसाठी नाही.