‘अलेक्झांड्रेउस’ कीं ‘अलेक्झांड्रियाचा यहुदी’? एका मसुद्यांतील खाडाखोड

त्रिफॉनपुत्र हेलेनॉस ह्या यहुदी गृहस्थाचा एक अर्ज बर्लिन येथील पपायरस-संग्रहांत आहे. अर्ज ग्रीक भाषेंत असून तो ईजिप्तचा रोमन सुभेदार गायस तुर्रानियस ह्यास उद्देशून इ. स. पू. ५-४ च्या सुमारास लिहिलेला आहे. अबुसिर अल्-मलक येथें प्रेतांच्या आवरणासाठीं रद्दी पपायरसाचे थर एकावर एक डकवून जो पुठ्ठा बनवीत, त्या पुठ्ठ्यांतून हा व ह्यासारखे अलेक्झांड्रिया शहरचे अनेक कागद निघाले. अर्जाचा उत्तरार्ध फाटका आहे. ओळी थोड्या, आणि त्या मानानें दुरुस्त्या पुष्कळ. त्यावरून हा सुभेदाराकडे रवाना झालेला अर्ज नसून त्याचा मसुदा असावा असें विद्वान् मानतात, व आम्हांसहि तेंच योग्य वाटतें.

ह्या मसुद्यांतील एका दुरुस्तीचाच विचार येथें करावयाचा आहे. आरंभीं अर्जदाराची ओळख ‘त्रिफॉनचा पुत्र हेलेनॉस, अलेक्झांड्रेउस’ अशी लिहिली होती. पुढें ‘अलेक्झांड्रेउस’ हें पद काटून त्याच्या वरच्या जागेंत ‘अलेक्झांड्रियाहून आलेल्यांपैकीं यहुदी’ अशा अर्थाचे शब्द घातले आहेत. ज्यांनीं मोडी रुमाल चाळले आहेत त्यांस अशा खाडाखोडीची किंमत सांगावयास नको. स्वच्छ नक्कल आपणांस ठरलेली गोष्ट सांगते. मसुदा ती ठरत असतांना दाखवितो.

मराठी कानास दोन्ही पदांचा अर्थ एकच वाटेल. ‘पुणेकर’ आणि ‘पुण्याचा राहणारा’ ह्यांत आपण भेद मानीत नाहीं. पाणिनीनें गांवाच्या नांवावरून मनुष्याचें नांव साधतांना निवास आणि अभिजन हे दोन अर्थ दोन निरनिराळ्या सूत्रांत सांगितले आहेत. हल्लीं जेथें राहणें असतें तो निवास, व पूर्वज जेथें राहिले तो अभिजन, असा विवेक भाष्यकारांनीं केला आहे. परंतु ग्रीक ‘अलेक्झांड्रेउस’ ह्या दोहोंतहि बसत नाहीं. मनुष्य शहरांत जन्मला, त्याचा बाप व आजा तेथेंच वारले, तरी तेवढ्यानें तो अलेक्झांड्रेउस होत नसे. नगराच्या पौरांच्या यादींत ज्याचें नांव चढलें, ज्यानें तारुण्यारंभीं व्यायामशाळेंत ‘एफेबॉस’ म्हणून ठराविक शिक्षण घेतलें, तोच अलेक्झांड्रेउस. आपल्या कोंकणांतील बेने इस्राएल लोकांत केहीमकर, पेणकर, रोहेकर अशीं उपनांवें आहेत. तीं धारण करण्यास त्या त्या गांवाशीं घराण्याचा संबंध ह्यापलीकडे कांहीं लागत नसे. अलेक्झांड्रियाच्या यहुद्याचें दुखणें नेमकें येथेंच होतें. निवास होता, अभिजनहि होता. पौरत्व होतें कीं नाहीं हाच वाद.

ह्या वादास धार आणली ती करानें. इ. स. पू. ३० मध्यें ऑगस्टसानें ईजिप्त घेतलें, आणि लवकरच ‘लाओग्राफिया’ म्हणजे डोईपट्टी सुरू झाली. साधारणतः चौदाव्या वर्षापासून साठीच्या सुमारापर्यंतच्या पुरुषांवर ती बसे. फायूम प्रांतांत पूर्ण दर वर्षास ४० द्राख्मा होता. त्या प्रांताच्या मुख्य शहरांतील नोंदलेल्या वर्गास २०. अलेक्झांड्रियाच्या पौरास कांहींच नाहीं. रकमेपेक्षां अपमान मोठा. जो पट्टी भरतो तो जिंकलेला ईजिप्शियन, जो भरत नाहीं तो जिंकणाऱ्यांच्या पंक्तीचा, असा उघड अर्थ होई. हेलेनॉसाच्या अर्जाच्या तुटक ओळींत ह्याच कराचें नांव येतें. तो म्हणतो कीं, आपला पिता अलेक्झांड्रेउस होता, आपण सर्व काळ ह्याच शहरांत राहिलों, पित्याच्या ऐपतीप्रमाणें आपणांस योग्य तें शिक्षण मिळालें, आणि असें असतां स्वतःच्या ‘पात्रिस’ला म्हणजे पितृभूमीला मुकण्याचा प्रसंग आपणांवर आला आहे.

येथें एक गोष्ट ध्यानांत घेण्यासारखी आहे. वरच्या ओळींत पुत्राचें ‘अलेक्झांड्रेउस’ खोडलें, पण खालीं पित्याचें तसेंच राहूं दिलें. ह्याचा उलगडा निरनिराळ्या रीतींनीं केला गेला आहे. पिता खरोखर पौर असून आई तशी नसल्यामुळें पुत्राचा हक्क गेला, असें एक मत. पित्यासहि तें पद सैल अर्थानेंच लावलें, असें दुसरें. आमच्या मतें खाडाखोड लेखनिकाची असून तिचें कारण कचेरीच्या रिवाजांत आहे. मथळ्यांतील ओळख ही सरकारी नोंद. ती चुकीची ठरली तर अर्जच बुडावयाचा. पित्याविषयींचें वाक्य हें अर्जदाराचें म्हणणें. तें खरें कीं खोटें हें सुभेदारानें पाहावयाचें. अनुभवी लेखनिकानें जें पद धोक्याचें तेवढेंच काढलें व जें युक्तिवादाचें तें ठेवलें. हेलेनॉस स्वतःस काय समजत होता हें मात्र त्या खोडलेल्या शब्दांतच शिल्लक आहे.

‘यहुदी’ हें पद घालणें म्हणजे परका ठरणें, असा समज कोणीं करून घेऊं नये. टॉलेमी राजांच्या अमदानींत त्या पदास स्वतःची प्रतिष्ठा होती. तिसऱ्या टॉलेमीच्या काळीं (इ. स. पू. २४६-२२१) अलेक्झांड्रियाजवळच्या स्खेदिया येथील यहुद्यांनीं राजा, राणी बेरेनिके व त्यांचीं मुलें ह्यांच्या कल्याणार्थ प्रार्थनामंदिर अर्पण केल्याचा ग्रीक शिलालेख उपलब्ध आहे. ह्याहून बोलके कागद हेराक्लिओपोलिस येथील. जेम्स काउई व क्लाउस मारेश ह्यांनीं २००१ सालीं प्रसिद्ध केलेले हे २० लेख इ. स. पू. १४४-४३ ते १३३-३२ ह्या दरम्यानचे असून, त्यांवरून त्या शहरांत यहुद्यांचें ‘पोलितेउमा’, म्हणजे स्वतःचे अधिकारी व निवाड्याचा अधिकार असलेली मान्य संस्था होती हें निर्विवाद ठरलें. तत्पूर्वीं अशा संस्थेबद्दल शंका घेणारे विद्वान् थोडे नव्हते.

त्यांतील एक तक्रार सांगितल्यावांचून आमच्यानें पुढें जाववत नाहीं. फिलोतास नांवाच्या यहुद्यानें लिसिमाखॉसाच्या निकाइया ह्या कन्येस मागणी घातली व ती ठरली. पुढें बापानें तिला दुसऱ्यास देऊन टाकली. फिलोतासाचा आक्षेप असा कीं, आपणांकडून रीतीप्रमाणें सोडचिठ्ठी घेतल्याशिवाय हें झालें. नुसत्या वाङ्‌निश्चयानंतरहि सोडचिठ्ठी लागते ही समजूत मोशेच्या धर्मशास्त्रांतून आलेली; तक्रारीची भाषा, कचेरीचा नमुना, वादी, प्रतिवादी व वधू ह्यांचीं नांवें सर्व ग्रीक. हे लोक हिब्रू नांवें विसरले होते, पण सोडचिठ्ठी विसरले नव्हते. ज्यांस यहुदीपण व ग्रीकपण हीं तराजूचीं दोन पारडीं वाटतात, एक चढलें कीं दुसरें उतरावयाचेंच, त्यांनीं हा कागद एकदां वाचावा.

रोमन अमलांत ही मधली जागा अरुंद झाली. नव्या सरकारास ग्रीक पौर व ईजिप्शियन रयत हे दोन कोठे समजत. तिसऱ्याची सोय त्यांत नीट लागेना. इ. स. ३८ मध्यें सुभेदार फ्लॅकस ह्यानें जाहीरनामा काढून अलेक्झांड्रियाच्या यहुद्यांस परके व आगंतुक ठरविलें. शहराचे पांच विभाग होते, त्यांपैकीं दोन यहुद्यांचे म्हणून ओळखले जात. दंगेखोरांनीं त्यांस हांकून एका विभागाच्या एका भागांत कोंडलें, घरें लुटलीं, माणसें जाळलीं. हा वृत्तान्त तत्त्वज्ञ फायलो ह्याच्या ग्रंथांत आहे, व तो स्वतः त्या शहरचा, त्या काळचा व त्या समाजाचा पुढारी होता. त्यांतील एक तपशील आमच्या विषयाला फार जवळचा आहे. यहुद्यांच्या वृद्धसभेच्या ३८ सभासदांस नाट्यगृहांत फटके मारण्यांत आले. फायलो म्हणतो कीं, त्या शहरीं ईजिप्शियनांस मारण्याचे चाबूक वेगळे, आणि अलेक्झांड्रियाकरांस मारण्याच्या चपट्या पट्ट्या वेगळ्या, मारणारेहि वेगळे. पूर्वींच्या सुभेदारांनीं सामान्य यहुद्याससुद्धां ह्या दुसऱ्या पट्ट्यांचा मान दिला होता. फ्लॅकसानें वृद्धसभेच्या सभासदांस ईजिप्शियनांचे चाबूक लावविले. यहुद्याचा दर्जा कोणता, ह्याचा निकाल कागदावर लागण्यापूर्वींच पाठीवर लागला.

दोन्ही पक्षांचीं शिष्टमंडळें रोमला गेलीं. आपल्या मंडळांत पांच जण होते असें त्याचा नायक फायलो लिहितो; जोसेफस प्रत्येक बाजूचे तीन सांगतो. हा फरक वाचकांनीं लक्षांत ठेवावा. बादशहा गायस इ. स. ४१ च्या जानेवारींत मारला गेला, आणि निवाडा क्लॉडियसाकडे आला. ह्या निवाड्याचे आपणांपुढें दोन साक्षीदार आहेत. पहिला, इ. स. ९३-९४ मध्यें रोम येथें पुरा झालेला जोसेफसाचा इतिहासग्रंथ. त्यांत क्लॉडियसाचा जाहीरनामा म्हणून जें दिलें आहे त्यांत, यहुदी हे प्रारंभापासून अलेक्झांड्रियाकरांबरोबर तेथें वसले, त्यांस अलेक्झांड्रियाकर म्हणतात, व राजांनीं त्यांस समान पौरत्व दिलें होतें, असें स्पष्ट म्हटलें आहे. शतकानुशतकें विद्वानांचा आधार एवढाच होता.

दुसरा साक्षीदार १९२४ सालीं इंग्रज पंडित आयड्रिस बेल ह्यांनीं पुढें आणला. हें क्लॉडियसाचें अलेक्झांड्रियाकरांस पत्र असून तें सुभेदार लुसियस एमिलियस रेक्टस ह्यानें इ. स. ४१ च्या नोव्हेंबरच्या १० व्या तारखेस शहरांत लावविलें. सांपडलेली प्रत फायूमांतील फिलाडेल्फिया ह्या खेडेगांवची, वापरलेल्या गुंडाळीच्या पाठीवर उतरलेली. आणि ती उतरणारा नेमेसिओन हा डोईपट्टीचा वसुलदार होता असें हस्ताक्षरावरून ठरविण्यांत आलें आहे. ज्या करापायीं एवढा वाद, त्याच्याच वसुलदारानें ह्या वादाचा निकाल आपणांसाठीं जतन करावा हा योग विलक्षण खरा.

ह्या पत्रांत ‘अलेक्झांड्रियाकर’ एका बाजूस व ‘यहुदी’ दुसऱ्या बाजूस असें सर्वत्र लिहिलें आहे. अलेक्झांड्रियाकरांनीं पुष्कळ काळ त्याच शहरांत राहणाऱ्या यहुद्यांशीं सौम्यपणें वागावें, त्यांच्या उपासनेची विटंबना करूं नये, ऑगस्टसाच्या वेळेप्रमाणें त्यांचे आचार चालूं द्यावे. यहुद्यांनीं पूर्वीं होतें त्याहून अधिक मागूं नये, जणूं दोन शहरांत राहतों अशीं दोन शिष्टमंडळें पुन्हां पाठवूं नयेत, व्यायामशाळाधिपतींच्या सामन्यांत शिरूं नये, सीरियांतून किंवा ईजिप्तच्या आंतील भागांतून येणाऱ्या यहुद्यांस आंत घेऊं नये. आणि जें स्वतःचें आहे तें भोगून ‘परक्या नगरांत’ लाभलेल्या विपुल सुखांत समाधान मानावें. हेलेनॉस ज्यास आपली पितृभूमि म्हणतो त्यासच बादशहा, पंचेचाळीस वर्षांनंतर, परकें नगर म्हणतो.

दोन्ही कागद खरे मानून जाहीरनामा आधींचा व पत्र नंतरचें अशी सांगड घालणारे कांहीं विद्वान् आहेत. आम्हांस तें पटत नाहीं. एकाच वर्षांत एकाच बादशहानें प्रथम समान पौरत्व मान्य करावें व मग तें मूळचेंच नव्हतें अशा सुरांत लिहावें, हें संभवत नाहीं. जोसेफस हा वकिली बाण्याचा लेखक. यहुद्यांस अलेक्झांड्रियाकर कसें म्हणतां, असा सवाल टाकणाऱ्या अपिऑनाविरुद्ध त्यानें पुढें स्वतंत्र ग्रंथ लिहिला. त्यांत वसाहतवाल्यांस शहराचेंच नांव पडतें, अंतिओखच्या यहुद्यांस अंतिओखकर म्हणतातच कीं, असें उत्तर तो देतो. हें उत्तर भाषेचें झालें, यादींतल्या नांवाचें नव्हे. जाहीरनाम्याचा गाभा अस्सल असेल. आचारस्वातंत्र्याचीं कलमें पत्राशीं जुळतात. परंतु पौरत्वाचीं वाक्यें, बखरकार अस्सल सनदेंत आपल्या धन्याच्या सोयीचे शब्द घालतो, त्याच जातीचीं दिसतात. शिष्टमंडळांतील माणसांचा आंकडा ज्यास नीट ठाऊक नव्हता त्याच्या हातची नक्कल आणि नेमेसिओनाची प्रत ह्यांत आम्ही दुसरीच प्रमाण मानूं.

एवढ्यावरून एकहि यहुदी पौर नव्हता असें मात्र अनुमान काढूं नये. फायलोचाच पुतण्या तिबेरियस युलियस अलेक्झांडर रोमन पौर होऊन इ. स. ६६ मध्यें ईजिप्तचा सुभेदार झाला, व त्याच वर्षीं त्यानें आपल्या जन्मशहरांतील यहुद्यांवर पलटणी सोडल्या. मात्र फायलोच्या मतें नव्हे, तर जोसेफसाच्याच शब्दांत, त्यानें पितरांचे आचार सोडले होते. एकेकट्यास वाट मिळे; समाजास समाज म्हणून ती बंद होती.

इ. स. ७० मध्यें जेरुसलेमचें मंदिर पडलें. यहुदी लोक त्या मंदिराकडे जी वर्षासन-पट्टी पाठवीत तीच आतां रोम येथील ज्युपिटरकडे वळविण्यांत आली, आणि ती स्त्रियांवर व लहान मुलांवरहि बसली. दक्षिण ईजिप्तांतील एडफू येथें ह्या ‘यहुदी-करा’च्या खापरांवर लिहिलेल्या पावत्या सांपडल्या आहेत. ‘यहुदी’ हें पद हेलेनॉसाच्या अर्जांत लेखनिकानें ओळींच्या मध्यें घुसविलें होतें. ह्या पावत्यांत तेंच कराचें नांव झालें. एडफूच्या ह्या पावत्या इ. स. ११६ मध्यें संपतात. त्या वेळीं ईजिप्त, सायरीन व सायप्रस येथील यहुद्यांचें बंड (इ. स. ११५-११७) चाललें होतें, व त्याच्या मोडणींत तेथील बहुतेक समाज नष्ट झाला. ऑक्सिरिंखस शहरांत यहुद्यांवरील त्या विजयाचा वार्षिक उत्सव इ. स. १९९-२०० मध्येंहि साजरा होत होता, असें तेथें सांपडलेल्या एका पपायरसांत नमूद आहे.