सजणं : आधी धनुष्याचं

नवरी सजते, दुकानं सजतात. पण हे क्रियापद आलं रणातून. मूळ संस्कृत ‘सज्य’, म्हणजे ‘ज्या’सह, दोरी चढवलेलं धनुष्य. एरवी दोरी उतरवूनच ठेवायची, नाहीतर धनुष्याचा ताण मरतो. ती चढली की समजायचं, आता बाण सुटणार. ‘सज्य’चं ‘सज्ज’ झालं आणि ‘सजणे’ हळूहळू आरशापुढे येऊन बसलं. (‘सज्जन’ मात्र या घरचा नव्हे, तो सत् + जन.)

‘सज्ज’च्याच अर्थाच्या ‘सन्नद्ध’ची गोष्ट वेगळी. तिथे धातू ‘नह्’, बांधणे : अंगावर चिलखत आवळलेला तो सन्नद्ध. याच धातूतून ‘उपानह्’ आणि त्यातून आपली वहाण. म्हणजे पायात वहाणा सरकवून दाराशी उभा असलेलाही थोडा सन्नद्धच!